पोराची वाट आणि बापाचा कासरा

(एका खेड्यातील पालकांच्या सभेत तेथील प्राथमिक शाळेच्या शिक्षकांनी केलेले भाषण. शेतकरी व कारागीर घरांतील वाचकांस उपयोगी पडेल म्हणून येथे दिले आहे.)



दहावी-बारावीचे निकाल लागून गेले, मृग निघाला, आणि दर साली या दिवसांत उठणारे भांडण यंदाही घरोघर उठले आहे. पोराने पुढे काय करावयाचे? बाप एक म्हणतो, पोरगा दुसरेच म्हणतो, आणि आई दोघांच्या मध्ये परात घेऊन बसते; तिला कोणी विचारीतही नाही. आमची शाळा सातवीपर्यंतची. पोरे आमच्या हातून जाऊन पाच-सहा वर्षे झालेली असतात. तरी पेच पडला म्हणजे बाप सकाळी आमच्या दारात येतो. "गुरुजी, अक्षर तुम्ही लावलंत त्याला, आता शहाणपणही तुम्हीच लावा." शहाणपण म्हणजे बापाचे ऐकणे, हे उघडच आहे. पोरगा येतो तो अंधार पडल्यावर, शाळेच्या मागल्या बाजूने. "गुरुजी, आबा तुमचं ऐकतात. तुम्हीच सांगा त्यांना." आमची गत खळ्यातल्या मेढीसारखी होते. सगळे आमच्याभोवती फिरतात आणि दाणा काही मोकळा होत नाही.

म्हणून आज दोघांस एकाच जागी बसवून बोलावयाचे आम्ही ठरविले. आम्ही काही पंडित नव्हे. मास्तरकीच्या ट्रेनिंगमध्ये सहा वर्षांचे मूल हट्ट करते ते का, आणि त्यास कसे वळवावे, हे आम्हांस शिकविले होते. पन्नास वर्षांचा बाप हट्ट करतो तेव्हा काय करावे, याचा धडा त्या पुस्तकात नव्हता. तो गावाने शिकविला.

प्रथम बापाची बाजू सांगतो, कारण ती कोणी सांगत नाही. शहरातले शिकलेले लोक म्हणतात की खेड्यातला बाप अडाणी, त्याला पोराचे मन कळत नाही. हे खोटे आहे. बापाला सारे कळते. पण त्याच्या डोक्यावर सोसायटीचे कर्ज असते, विहिरीचे अर्धे काम राहिलेले असते, धाकटीचे लग्न दोन वर्षांवर आलेले असते. पोरगा हातातून गेला म्हणजे केवळ पोरगा जात नाही. पेरणीला एक माणूस कमी होतो आणि म्हातारपणी पाणी देणारा हात लांब जातो. ज्याच्या घरी पेन्शन येते त्याने पोराला "तुला हवे ते कर" म्हणणे वेगळे, आणि ज्याच्या घरी पोरगा हीच पेन्शन, त्याने म्हणणे वेगळे. हे ध्यानात ठेवूनच पुढचे बोलतो.

आपण बहुजन समाजातले लोक. आपल्या वडीलधाऱ्यांनी शंभर-दीडशे वर्षांपूर्वी जी चळवळ उभारली तिचे म्हणणे काय होते? माणसाचा धंदा जन्मावरून ठरू नये, हे त्यातले एक मोठे म्हणणे होते. सुताराच्या पोराने वाकसच धरावा, कुंभाराच्या पोराने चाकच फिरवावे, ही गावगाड्याची रीत होती. आणि ती नुसती रीत नव्हती, काही ठिकाणी कायदाही होता. १८७४ च्या वतन कायद्याने गावकामगाराचे काम बापाकडून पोराकडे चालत जाई. महार वतनदाराच्या घरी जन्मलेल्या पोराला सरकारचे आणि गावाचे काम चुकत नसे, आणि त्याबद्दल हाती काय पडे, तर तुटपुंजी हाडकी-हाडवळ्याची जमीन नि बलुत्याच्या भाकरी. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात त्या कायद्यात दुरुस्ती करण्याचे बिल आणले. तेवढ्याने ते जोखड निघाले नाही. कनिष्ठ गावकामगारांची वतने जाण्यास १९५८ चा कायदा यावा लागला. एवढी वर्षे माणसे झगडली ती कशासाठी? पोराला बापाचीच वाट चालण्याची सक्ती नसावी यासाठी.

मग आम्ही विचारतो, गावाने घातले ते जोखड आणि बापाने घातले ते संस्कार, हा कोठला हिशेब? पोराच्या मानेला दोन्ही सारखीच लागतात.

जोतीरावांच्या घरचीच गोष्ट घ्या. त्यांचे वडील गोविंदराव हे पुण्यातले माळी, फुलांचा धंदा. जोतीराव अगदी तान्हे असताना आई वारली. गोविंदरावांनी पोराला सगुणाबाईंच्या हाती वाढविले, शाळेत घातले. मग लोकांनी कान भरले की शिकलेला पोरगा मळ्याच्या कामाचा राहत नाही. बापाने पोराला शाळेतून काढले आणि हाती फावडे दिले. पोरगा दिवसा मळ्यात राबे आणि रात्री दिव्यापाशी वाची. ते पाहून गफार बेग मुन्शी आणि लेजिट साहेब या दोघा भल्या माणसांनी गोविंदरावांची समजूत घातली, आणि १८४१ साली जोतीराव पुन्हा स्कॉटिश मिशनच्या शाळेत जाऊन बसले. म्हणजे या बापाने एकदा माघार घेतली, आणि ती चांगली घेतली.

पण पुढे पाहा. १८४८ साली जोतीरावांनी भिडेवाड्यात मुलींची शाळा काढली, सावित्रीबाई तेथे शिकवू लागल्या. पुणे खवळले. लोक गोविंदरावांच्या दारात आले. फुलवाल्याचे गिऱ्हाईक कोण, तर देवपूजा करणारी घरे. त्यात जातभाईही उलटलेले. १८४९ साली गोविंदरावांनी पोराला आणि सुनेला सांगितले की शाळा सोडा, नाहीतर घर सोडा. त्या दोघांनी घर सोडले. उस्मान शेख यांनी त्यांस आपल्या घरी जागा दिली.

गोविंदरावांना नावे ठेवणे फार सोपे आहे. आम्ही ठेवीत नाही. ज्या बापाने पोराला शाळेत घातले तोच शाळेने दाखविलेली वाट पाहून घाबरला. हे आजही होते आणि शिकविणाऱ्या बापाच्याच घरी अधिक होते. ज्याने पोराला शिकविलेच नाही त्याच्या घरी हा तंटा उठत नाही. बी आपण पेरायचे, पाणी आपण द्यायचे, आणि उगवल्यावर म्हणायचे की हे असे कसे उगवले! तीनच वर्षांनी, १८५२ साली, ज्या कामापायी घर सुटले त्याच कामाबद्दल सरकारने जोतीरावांचा पुण्यात शालजोडी देऊन सत्कार केला. लोक काय म्हणतील या भीतीने घर मोडू नये. लोकांचे म्हणणे तीन वर्षेसुद्धा टिकत नाही.

दुसरा बाप सुभेदार रामजी सकपाळ. फौजेतून पेन्शनीत आलेला माणूस, मुंबईत परळच्या चाळीत बिऱ्हाड. भीमरावास पुस्तक हवे झाले आणि घरात पैसा नसला, की हा म्हातारा लेकीच्या घरी जाई, तिच्या अंगावरचा दागिना मागून घेई, गहाण टाकी, पुस्तक आणी, आणि पेन्शन आली म्हणजे दागिना सोडवून लेकीस परत करी. ही गोष्ट खुद्द बाबासाहेबांनी सांगितलेली आहे. पोराच्या शिक्षणासाठी याहून अधिक करणारा बाप आम्हांस दाखवा. आणि याच बापाला, भीमराव बी.ए. होऊन १९१३ च्या जानेवारीत बडोदे संस्थानच्या नोकरीत जाऊ लागले तेव्हा ते पसंत पडले नाही. पोरगा गेला. थोड्याच दिवसांत वडील अत्यवस्थ असल्याची तार आली, भीमराव तसेच परत फिरले, आणि २ फेब्रुवारी १९१३ रोजी रामजी सुभेदार वारले.

आता विचार करा. बडोद्याबद्दल बापाला नाखुशी होती ती उगाच होती काय? मुळीच नव्हती. १९१७ साली बाबासाहेब परदेशात शिकून पुन्हा बडोद्यास नोकरीवर गेले तेव्हा त्यांस राहावयास घर मिळेना. एका पारशी खाणावळीत जात लपवून राहिले, तर काठ्या घेतलेल्या माणसांनी येऊन बाहेर काढले. एवढा शिकलेला माणूस बागेतल्या झाडाखाली बसून रडला. परमुलुखात पोराचे काय होईल ही जी धास्ती कोणत्याही बापास वाटावी, ती अक्षर न् अक्षर खरी ठरली. पण त्याच बडोद्याच्या महाराजांच्या शिष्यवृत्तीवर १९१३ साली ते अमेरिकेस जाऊ शकले, हेही खरे. बडोद्याची वाट पोराने धरली नसती तर पुढचे काय झाले असते, ते ज्याचे त्याने ठरवावे.

आम्हांस एवढेच दाखवावयाचे आहे की बापाची भीती खरी असते, आणि तरीसुद्धा पोराची वाट बरोबर असू शकते. बापाला वाटते, आपल्याला खड्डा दिसला म्हणजे निकाल आपणच द्यावयाचा. तसे नव्हे. खड्डा दिसला तर सांगावा, हात धरून दाखवावा. पण त्या वाटेने जावयाचे की नाही हे चालणाऱ्याने ठरवावयाचे असते, कारण पाय त्याचे आहेत.

कोणी म्हणेल, गुरुजी, तो जोतीबा, तो बाबासाहेब. आमचं पोरगं काय तसं निघणार आहे? अहो, आम्ही तसे म्हणतच नाही. तुमचे पोर महात्मा होईल या आशेने त्याला वाट द्याल तर तो सौदा झाला. ते साधेच राहील. साध्या माणसालाही वाट आपलीच लागते. म्हणून आता गावातल्या साध्या गोष्टी सांगतो. नावे घेत नाही. ज्यांची त्यांना कळतील.

उत्तम शेती, मध्यम व्यापार, कनिष्ठ नोकरी, ही आपल्या आजोबांची म्हण. आता ती पायांवरून डोक्यावर उभी राहिली आहे. पूर्वी बाप म्हणे, शिकून काय दिवे लावणार, औत धर. आता बाप म्हणतो, मातीत हात घालू नकोस, सरकारी नोकरी धर. शेतकऱ्याच्या पोराला कोणी पोरगी देत नाही, ही धास्ती त्यात भर घालते. औत जाऊन नोकरी आली. पण कासरा बापाच्याच हातात आहे.

एक गृहस्थ आहेत. साडेचार एकर जमीन, त्यातली दीड एकर भिजते. थोरल्या पोराला त्यांनी स्पर्धा परीक्षेसाठी पुण्यास ठेवले. खोलीचे भाडे, खानावळ, अभ्यासिकेची फी. आधी दुधाचे पैसे गेले, मग घरधनिणीच्या पाटल्या गेल्या, मग सोसायटी. पोरगा हुशार, मन लावून अभ्यास करणारा. एकदा थोडक्या गुणांनी राहिला. पाचव्या वर्षी तो पिशवी घेऊन घरी आला आणि म्हणाला, "आबा, मी आता परीक्षेला बसत नाही. मला रोपवाटिका टाकायची आहे. मिरचीची, टोमॅटोची, कांद्याची रोपं करीन." यावर बाप जे बोलला ते मायबहिणींच्या सभेत सांगण्याजोगे नाही. त्यानंतर आठ महिने बाप पोराशी बोलला नाही. एका ओळीत जेवावयास बसायचे आणि बायकोकडून निरोप धाडायचा, "त्याला सांग, मीठ सरकव."

आम्ही त्या गृहस्थांकडे गेलो. ते म्हणाले, "गुरुजी, मी जन्मभर चिखलात काढला. त्यानं काढू नये म्हणून घर धुऊन दिलं. आणि हा परत चिखलात! मग चार वर्षं कुठं पाण्यात घातली?" या बोलण्यात जे दुःख आहे त्याला आमच्यापाशी उत्तर नव्हते, आणि अजून नाही. पाटल्या गेल्या त्या गेल्याच. आम्ही एवढेच म्हणालो, "तात्या, तुम्ही चिखलात ढकलले गेला होता. तो आपल्या पायांनी उतरतोय. तो तुमच्यापेक्षा सुखी होईल असं नाही. पण ढकलला गेल्याचा राग त्याच्या पोटात राहणार नाही." तात्यांना ते पटले नाही. त्यांनी चहा मात्र दिला.

पहिल्याच हंगामात रोपांना मर लागली. वाफेच्या वाफे कोलमडले. त्या दिवशी बाप आठ महिन्यांनी बोलला, आणि काय बोलला, तर "सांगितलं होतं." बंधूंनो, आपल्या भाषेत शिव्या पुष्कळ आहेत, पण पडलेल्या पोराला हे दोन शब्द जसे लागतात तशी एकही शिवी लागत नाही. पोराला वाट दिली म्हणजे त्या वाटेवर पडण्याचा हक्कही दिला, असे समजावे. जो बाप पोराच्या पडण्याची वाट पाहत बांधावर उभा आहे, त्याने वाट दिलीच नाही.

तात्यांनी दोन दिवसांनी मात्र आणखी एक गोष्ट केली, ती सांगितलीच पाहिजे. वाफ्यापाशी उकिडवे बसून त्यांनी माती बोटांत चुरली आणि कोणाकडे न बघता म्हणाले, "पाणी साचतंय. वाफा गादीसारखा उंच घे. अन् बी एवढं दाट टाकू नको." चाळीस वर्षे पाणी बघितलेला माणूस. ही गोष्ट पोराला आधी कळली असती तर ती रोपे वाचली असती; पण विचारावे कोणी आणि सांगावे कोणी, दोघांत बोलणेच नव्हते ना! दुसऱ्या हंगामात रोपे उभी राहिली. धंदा आज बेताचाच चालतो. सोसायटीचे हप्ते संपलेले नाहीत. आणि पाहुणा आला म्हणजे तात्या अजून सांगतात की पोरगा परीक्षा देतोय. त्यावर पोरगा हसतो. आधी हसत नव्हता.

सुताराच्या घरची गोष्ट थोडक्यात सांगतो. बापाच्या हाताला अशी कला की त्याने भरलेले चाक वीस वर्षे हलले नाही. पण गाड्या गेल्या, लाकडी औते गेली, पाभरी गेल्या. ट्रॅक्टर आला. पोरगा म्हणाला, आयटीआयला जाऊन वेल्डरचा एक वर्षाचा कोर्स करतो. बाप म्हणाला, "लोखंड जाळायला कसलं ज्ञान लागतं?" हा राग लोखंडावर नव्हता. आपली विद्या आपल्याबरोबर सरणावर जाणार, हे त्याला खात होते. पोराचा बापाच्या धंद्याला नकार म्हणजे आपल्या साऱ्या जन्माला नकार, असे पुष्कळ कारागिरांना वाटते, आणि त्यांचे ते वाटणे पोरांनी हसण्यावारी नेऊ नये. हा पोरगा शहाणा होता. जाताना त्याने बापाकडे एकच वस्तू मागितली, गुण्या. ट्रॉलीचा सांगाडा जोडताना आज त्याच गुण्याने तो कोन धरतो. बाप दुकानात येऊन बसतो आणि कोन बघतो. कौतुक करीत नाही. वाकडे दिसले तर मात्र बोलतो.

आता मुलींकडे वळतो. येथवर आम्ही बाप आणि पोरगा असेच बोलत आलो, कारण गावात तंटा त्यांचाच ऐकू येतो. मुलीचा तंटा ऐकू येत नाही, त्याचे कारण तो होण्याआधीच तिचे लग्न उरकलेले असते. एका शिंप्याच्या मुलीला परिचारिका व्हावयाचे होते. बाप गप्प राहिला. आई आडवी आली. "रात्रपाळी, परक्या माणसांची अंगं पुसायची. उद्या कोण करील हिला?" मुलगी म्हणाली, "आई, तू माझ्यासंगं चल. दोन दिवस बघ. मग नको म्हण." ती आई गेली. वसतिगृहाचे दार, कुलूप, स्वयंपाकघर, सारे पाहून आली. रुग्णालयातही जाऊन बसली. परत आल्यावर आमच्या घरी येऊन म्हणाली, "गुरुजी, तिथं एक म्हातारी होती. पोटचं कुणी नव्हतं जवळ. एका नर्सबाईनं तिला चमच्यानं पेज पाजली. माझ्या आईला मरताना तेवढंसुद्धा मिळालं नव्हतं." त्यापुढे ती बोलली नाही. मुलगी तीन वर्षांचा जनरल नर्सिंगचा अभ्यास पुरा करून आज नोकरीवर आहे. आम्ही पुष्कळदा पाहिले आहे की आई उशिरा वळते, पण वळली म्हणजे पुरती वळते. मुलाचे काम ती पाहून येते, बापासारखी ऐकीव गोष्टीवर भांडत नाही.

वाट म्हणजे केवळ धंदा नव्हे, लग्नही त्यात आले. हा विषय काढला की सभेत खाली बघणारे पुष्कळ असतात. आजही दिसत आहेत. १८७३ साली सत्यशोधक समाज निघाला. त्याच्या विवाहविधीत वधूवरांनी एकमेकांस तोंडाने वचने द्यावयाची असतात. ज्या लग्नात वधूने बोलावयाचे आहे, तेथे तिला आधी विचारलेच पाहिजे, हे ओघाने आले. आज कायद्याप्रमाणे मुलीस अठरा व मुलास एकवीस वर्षे पुरी झाल्यावर लग्न त्यांच्या मर्जीचे असते, आणि जात वेगळी असो की धर्म वेगळा असो, १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने ते नोंदता येते. बापाला ते आवडेल असे नाही. न आवडले तर त्याने तसे सांगावे. पण मुलीला खोलीत कोंडणे, तिचा फोन काढून घेणे, भावांना काठी देऊन पाठविणे, हे आवडीनिवडीचे काम नव्हे. तो गुन्हा आहे, आणि आपल्याच वडीलधाऱ्यांनी ज्याच्याविरुद्ध जन्म घालविला तोच हा जुलूम आहे.

कायद्याचे आणखी दोन शब्द सांगतो, कारण रागाच्या भरात घरोघर चुकीचे बोलले जाते. "माझ्या मनाविरुद्ध गेलास तर जमिनीत वाटा देणार नाही," असे बाप म्हणतो. स्वतः कमावलेल्या इस्टेटीचे त्याने हवे ते करावे. वडिलोपार्जित एकत्र जमिनीत मात्र हिंदू घरात मुलाचा हक्क जन्माने असतो. बापाच्या रागाने तो बुडत नाही. २००५ पासून तो मुलीलाही तसाच आहे. तेव्हा ही धमकी पोकळ आहे, आणि पोराला हे ठाऊक असते. पोकळ धमकीने बापाचाच मान जातो. उलट पोरांनीही ऐकावे. वाट तुमची, म्हणून आईबाप तुमचे नाहीत असे होत नाही. २००७ चा कायदा आहे. म्हाताऱ्या आईबापांना न सांभाळणाऱ्या मुलामुलीविरुद्ध प्रांतांकडे अर्ज करता येतो आणि पोटगी लावून घेता येते. पोरगा शिपाई असो, वेल्डर असो, की रोपे विकत असो, त्यात फरक नाही. म्हातारपणाच्या धास्तीने जे बाप पोराला दावणीला बांधतात त्यांनी हे लक्षात घ्यावे. तुमच्या मनाजोगा धंदा करणारा पोरगाच तुम्हांला सांभाळील, असा कोठे नियम आहे? आम्ही तर उलटेही पाहिले आहे.

मग बापाने काहीच विचारू नये काय? वा! ज्याच्या घामाचा पैसा लागतो त्याने खडखडीत विचारावे. किती लागतील, किती दिवस लागतील, नाही जमले तर काय करणार, हे तिन्ही विचारावे आणि पोराने त्याची सरळ उत्तरे द्यावी. "बघू" हे उत्तर नव्हे. बापाजवळ पैसा नसेल तर त्याने स्पष्ट सांगावे की नाही. मदत न करणे आणि आडवे पडणे यांत फार अंतर आहे. पोराने खोटे बोलू नये. आमच्या ओळखीचा एक पोरगा दीड वर्ष कॉलेजला जातो म्हणून घरून निघे आणि एका मोबाइलच्या दुकानात काम शिके. काम चांगले शिकला. पण बापाला ते तिसऱ्याकडून कळले. त्या घरात आज बापाचा राग दुकानावर नाही, त्या दीड वर्षावर आहे.

तुम्ही खोंड औताला शिकविता तेव्हा काय करता? पहिले काही दिवस कासरा आवळून धरता. मग हळूहळू ढील देता. तो थोडा वाकडा जातो, तास मोडतो, तुम्ही सोसता. जन्मभर आवळून धरलेला बैल मान टाकतो किंवा दावे तोडतो, हे तुम्हांला आम्ही सांगावयास नको. पोरगा बैल नव्हे, म्हणून उपमा येथेच पुरे. पण बैलाच्या बाबतीत जे शहाणपण आपल्या हाताला आहे ते घरात शिरताना उंबऱ्याबाहेर का राहते, याचे आम्हांस नवल वाटते.

या गावातली तीन घरे आज अशी आहेत की पोरगा घर सोडून गेला आहे. एकाचा पत्ता आईला ठाऊक आहे, ती बापाला सांगत नाही. एकाचा पत्ता बापाला ठाऊक आहे, तो आईला सांगत नाही. तिसऱ्याचा कोणालाच नाही. या तिन्ही घरांतले कोणी ना कोणी या सभेत बसले आहे. त्यांस आमचे सांगणे इतकेच की पहिला फोन बापाने करावा. पोराने करावा की बापाने, यावर फार वेळ घालवू नये. बापाचे वय अधिक, त्याच्यापाशी दिवस थोडे. फोनवर काय बोलावे सुचत नसेल तर पाऊस किती झाला ते सांगावे. पेरणी झाली की राहिली ते सांगावे.

आणि ज्यांच्या घरी तंटा अजून उंबऱ्याच्या आतच आहे त्यांच्यासाठी. शनिवारी आमची सकाळची शाळा असते. अकरानंतर आम्ही शाळेच्या ओट्यावरच बसतो. यावे. येताना पोराला किंवा पोरीला बरोबर आणावे, आईलाही आणावे. रीत एकच ठेविली आहे. पहिल्याने पोर बोलेल, आणि ते बोलून होईपर्यंत बापाने तोंड उघडावयाचे नाही. मागल्या शनिवारी एक बाप चार वेळा उठून पाणी पिऊन आला. पण बसला.